थांबलेलं चाक

माझी पहिली विज्ञानकथा साभार परत आली तेव्हा सोबतच्या चिठ्ठीत एकच ओळ होती: ‘तुमच्या किरणाला जमत नाही असं काही आहे का?’

रागच आला. तीन महिने रात्री जागून मी एक अख्खं जग उभं केलं होतं. त्या जगातल्या एका खाणीत ‘स्थिरकिरण’ सापडतो, आणि तो ज्यावर पडेल त्याचा काळ थांबतो. पहिल्या प्रकरणात त्याने पूर थांबवला. मग चोर, मग आजीचं दुखणं, शेवटी मरणसुद्धा. माझं जिथे अडेल तिथे किरण हजर. किरण कसला, हाताखालचा गडीच तो.

गंमत म्हणजे त्या चिठ्ठीचं उत्तर वर्षभर आधीच माझ्या डोळ्यांसमोर फिरून गेलं होतं.

मी भिवंडीत, कामतघरच्या एका यंत्रमाग कारखान्यात मेहता होतो. हजेरी, हिशेब, कापडाची मोजणी. कोपऱ्यात कांड्या भरायचं जुनं मशीन. त्याच्या मोटरला बिडाची पुली, चार आऱ्यांची. एका रात्री पट्टा तुटला म्हणून त्या मशीनवरच्या चाचांनी तो उतरवून सांधला. मोटर बंद केलेली नव्हती. मी आपला मदतीला म्हणून पट्टा उचलला. वर ट्यूब जळत होती. पुली थांबलेली, चारही आरे स्वच्छ मोजता येत होते. मागांच्या खडखडाटात मोटरचा आवाज कोणाला येणार? मी हात पुढे केला आणि मनगटावर लाकडी कांडीचा फटका बसला. ‘हात मत लगा! चालू है वो!’

चाचांनी स्विच पाडला. तेव्हा कुठे ते ‘थांबलेलं’ चाक फिरताना दिसलं, आणि मग खरोखर थांबलं.

हे कसं होतं ते सांगतो, कारण माझ्या कथेची चूक त्यातच आहे. आपली वीज 50 हर्ट्झची. तांब्याच्या चोकवर चालणारी ट्यूब सेकंदाला 100 वेळा लुकलुकते. डोळ्याला ते कळत नाही. मोटर बिनओझ्याची झाली की मिनिटाला जवळजवळ 1500 फेरे घेते, म्हणजे सेकंदाला 25. आरे चार. दोन लुकलुकींच्या मध्ये एक आरा नेमका पुढच्याच्या जागी येऊन उभा राहतो. पट्टा चढवून ओझं टाकलं, फेरे 1440 वर आले, की तीच पुली सेकंदाला एक फेरा उलटा घेताना दिसते! आरे पाच असते तर या खेळाचा हिशेबच बदलला असता.

म्हणजे ही भूल मोठी, पण आकड्यांनी बांधलेली. शिवाय तिची चोरी पकडताही येते. त्या पुलीच्या एकाच आऱ्यावर लाल रंगाचा ठिपका होता. त्या रात्री तो चारही आऱ्यांवर फिकट फिकट दिसत होता. मी तो पाहिला होता. पाहूनही हात पुढे केला.

काल्पनिक जग रचणाऱ्यांना माझं सांगणं या ठिपक्यापासूनच सुरू होतं. वास्तव बदलणारं काही शोधून काढलंत, तर त्याचं नाव ठरवायच्या आधी त्याचा आकडा ठरवा: कधी चालतं, किती वेळ, काय केलं की चालत नाही. मग त्याचा ठिपका ठरवा. जग बदललंय हे कळायची एक बारीक खूण, जी पात्राला दिसते पण उमगत नाही. आणि ते वापरल्यावर कोणाचं बोट जाणार, हेही. एवढं हाती आलं की अर्धं कथानक आपोआप चालतं. जयंत नारळीकरांची ‘उजव्या सोंडेचा गणपती’ पुन्हा वाचा. मोबियस पट्टीचा एक पीळ, त्याने डाव्याचं उजवं होतं, बस्स. बाकी सगळं त्या एका नियमाच्या पोटातून निघतं. नारळीकरांनी अडचणीच्या वेळी दुसरा पीळ मागवला नाही.

मी कथा पुन्हा लिहिली. आता किरण काळ थांबवत नाही, थांबल्याचा भास करतो, तोही ठरावीक वेगाच्या वस्तूंचा. पूर थांबत नाही. थांबलेला दिसतो, आणि लोक त्यात उतरतात. ही कथाही परत आली, पण या वेळी चिठ्ठीत सहा ओळी होत्या.

कथा लिहा न लिहा, पण तुमच्या शेडमध्ये मशीनवरच्या सगळ्या ट्यूब एकाच फेजवर असतील तर उद्याच वायरमनला बोलवा. शेजारच्या ट्यूब वेगवेगळ्या फेजवर घ्या, किंवा इलेक्ट्रॉनिक चोक बसवा. तोवर स्विच स्वतःच्या हाताने पाडल्याशिवाय कुठल्याही थांबलेल्या चाकाला हात लावू नका.