९८ सामन्यांचा कोलमन

प्रश्न : ऑस्ट्रेलियन फुटबॉलमध्ये मोसमात सर्वाधिक गोल करणाऱ्याला ‘कोलमन पदक’ देतात. पण हा कोलमन जेमतेम ९८ सामने खेळला म्हणे! मग पदक त्याच्याच नावाचे का?

उत्तर : त्या ९८ सामन्यांत त्याने ५३७ गोल केले, म्हणून. सामन्यामागे जवळजवळ साडेपाच! अर्थात, आपल्या ओळखीचा फुटबॉल डोळ्यांपुढे आणू नका. तिथे मैदान लंबगोल, चेंडूही लंबगोल, एका संघाचे १८ जण मैदानात. गोल भरपूर होतात, पण साडेपाचाची सरासरी तिथेही दुर्मीळच.

जॉन कोलमन मेलबर्नच्या एसेंडन क्लबकडून १९४९ साली उतरला आणि पहिल्याच सामन्यात त्याने १२ गोल ठोकले. मोसमातला शंभरावा गोल त्याने थेट अंतिम सामन्यात केला. अजिंक्यपद एसेंडनला मिळाले. लोक मात्र यायचे ते त्याची उडी बघायला. या खेळात लांबून मारलेला चेंडू अधांतरी झेलला, की त्याला ‘मार्क’ म्हणतात. मग गोलवर नेम धरून मारता येते, कुणी आडवे येत नाही. कोलमन बचावपटूंच्या खांद्यांच्याही वर झेपावून असे झेल घ्यायचा. उडीला उत्तर नाही म्हटल्यावर बचावपटू धक्के-गुद्द्यांवर येत.

१९५१मध्ये कार्लटनविरुद्ध त्याने अशाच एका गुद्द्याची परतफेड केली. शिस्त समितीने दोघांनाही चार आठवडे बाहेर बसवले. ऐन बाद फेरीत कोलमन नाही, आणि एसेंडन अंतिम सामना जीलाँगकडून ११ गुणांनी हरला. एक गोल सहा गुणांचा, म्हणजे दोनच गोल कमी पडले! एसेंडनवाल्यांना ही सल बोचली नसती तरच नवल.

१९५४मध्ये फिट्झरॉयविरुद्ध त्याने १४ गोल केले आणि पुढच्याच सामन्यात त्याचा गुडघा निखळला. वय अवघे २५. तो पुन्हा खेळू शकला नाही. पुढे प्रशिक्षक म्हणून त्याने एसेंडनला १९६२ आणि १९६५ची अजिंक्यपदे मिळवून दिली. १९७३मध्ये, ४४व्या वर्षी तो गेला.

पदक १९८१पासून त्याच्या नावाचे झाले. त्यासाठी फक्त साखळी सामन्यांतले गोल मोजतात. कोलमनचा तो १९४९चा शंभरावा गोल या हिशेबात बसलाच नसता.