माइक चालू करण्यापूर्वी

मंगळवार पेठ, कोल्हापूर.

चि. बाळू,

तुझा तक्रारअर्ज मजकडे रुजू झाला. कोणत्याशा खेळात तुझ्याविरुद्ध इतर खेळाडूंनी तक्रारी गुदरल्या, तुझी बाजू कोणी ऐकून घेतली नाही, आणि काही दिवस तुला बोलण्याची व लिहिण्याची मनाई झाली, हा त्यातील मजकूर. आणि सुरुवात समोरच्याने केली, मी फक्त प्रत्युत्तर दिले, ही तुझी कैफियत. जिल्हाधिकारी कचेरीत अव्वल कारकून म्हणून ज्याची हयात गेली त्याला ही कैफियत नवी नाही. बांधावरच्या प्रत्येक भांडणात दोन्ही पक्षकारांनी प्रत्युत्तरच दिलेले असते, आणि आरंभ करणारा तिसरा इसम कोण याचा थांग आजवर कोणत्याही तलाठ्यास लागलेला नाही. म्हणून मी फैसला देत नाही. खेळ सोड, असेही सांगत नाही. तसे सांगणारी मंडळी तुझ्याभोवती पुष्कळ आहेत, आणि त्यांतील बहुतेकांनी हा खेळ एकवारही नीट पाहिलेला नाही. मी गेल्या सुट्टीत तुझ्या शेजारी बसून बीजीएमआय हा तुझा मोबाइलवरील बंदुकांचा खेळ पाहिला आहे, आणि पाहिला त्याहून अधिक ऐकला आहे. त्या ऐकण्यातून जे सुचले ते लिहितो.

आठ किलोमीटर लांब व तितक्याच रुंद अशा त्या एरँगल नामक बेटावर शंभर माणसे उतरतात, चौघाचौघांच्या तुकड्या करून एकमेकांस शोधतात, आणि जो तो आपल्या तीन सोबत्यांच्या कानात बोलत असतो, एवढी व्यवस्था मला पहिल्या अर्ध्या तासात उमगली. पण तू काय बोलत होतास? “तिकडं बघ, तिकडं! अरं मागं, मागं! मेलो की!” तुझ्या सोबत्यांपैकी एक होता गुवाहाटीत, एक इंदुरात, तुझे ‘तिकडं’ त्यांना कोठे दिसावे? पडद्याच्या माथ्यावर अंशांची एक पट्टी सारखी सरकत असते, ती त्या खेळाच्या कर्त्यांनी शोभेसाठी ठेवलेली नाही. “दोनशे दहा, दगडाआड, एकटा, जखमी” एवढे पाच शब्द तू उच्चारले असतेस तर तिघांच्याही बंदुका एका दिशेस वळल्या असत्या. तू मात्र आपली भीती कळवलीस आणि शत्रूचा ठावठिकाणा स्वतःजवळच ठेवलास.

२०१९ च्या महापुरात मी पूरनियंत्रण कक्षात होतो. पंचगंगेची इशारा पातळी ३९ फूट आणि धोका पातळी ४३ फूट, हे कोल्हापुरात शाळकरी पोरही सांगते. परंतु राजाराम बंधाऱ्यावरून किंवा शिरोळ तालुक्यातील गावांतून येणारा प्रत्येक निरोप कसा असावा, याचा शिरस्ता आम्हाला फार थोड्या वेळात बसवावा लागला. ठिकाण, पातळी, वेळ, अडकलेली माणसे किती. आणि लगेच फोन खाली. एखादा बिचारा ग्रामसेवक गदगदल्या आवाजात गल्लीत पाणी कसे शिरले, गुरांचे काय झाले, हे सांगत राही. त्याचे दुःख अक्षर न् अक्षर खरे असे, पण तो बोलत असेतोवर ज्याच्या गावी होडी पाठवायची त्याचा फोन बाहेर ताटकळत असे. तुमच्या खेळातही तशीच एक अडचण आहे, आणि ती मला तुझ्याच त्या इंदूरच्या सोबत्याने दाखवून दिली. डावाच्या अखेरीस खेळण्याची जागा आकसून उरलेल्या शेवटच्या वर्तुळात, घराच्या जिन्यावर कोणाची पावले वाजतात हे ऐकण्यासाठी तो जिवाचा कान करून बसला होता, आणि नेमक्या त्याच क्षणी तू मागील चकमकीत आपला नेम कसा थोडक्यात हुकला याचे साद्यंत वर्णन करीत होतास. पावले त्याला ऐकू आली नाहीत. मरण त्याला आले, आणि “भाई, चुप रहो ना” हे त्याचे उद्गार तुला उद्धट वाटले! मला विचारशील तर त्याने फारच संयम राखला.

बोलण्याची ही गरज अर्धीअधिक वाचेविना भागते, हेही लक्षात घे. २०१९ साली आलेल्या एपेक्स लेजंड्स या खेळाचे जाणकारांनी जे कौतुक केले, त्यात एका बटणाच्या खुणेने शत्रू, शस्त्र, वाट हे सारे सोबत्यास दाखवता येण्याच्या सोयीचा वाटा मोठा होता. तशी खूण करण्याची मुभा तुझ्या खेळातही आहे, आणि ती खूण तमिळ भाषिकास व पंजाब्यास सारखीच कळते. त्याआधी, २०१२ मध्ये, जर्नी नावाचा एक विलक्षण खेळ निघाला. त्यात वाळवंटातून दूरच्या पर्वताकडे जाताना एखादा अनोळखी प्रवासी अकस्मात भेटतो. त्याच्याशी बोलता येत नाही, लिहिता येत नाही, त्याचे नावही प्रवास संपेपर्यंत कळत नाही. केवळ एक मंजुळ सूर काढता येतो, आणि जवळ उभे राहिल्याने परस्परांस बळ मिळते. ज्यांनी तो खेळला त्यांतील कित्येकांना त्या अनाम सोबत्याचा विरह खराखुरा जाणवला. शिवी देण्याचे साधनच काढून घेतल्यावर माणसे एकमेकांची वाट पाहू लागतात, ही गोष्ट मला पुष्कळ व्याख्यानांहून मोलाची वाटते. अर्थात तुझ्या धकाधकीच्या खेळात केवळ सुरांवर भागणार नाही, हे मलाही समजते.

आता तुझ्या जिभेविषयी. ती अस्सल कोल्हापुरी आहे, आणि तिचा मला अभिमानच आहे. १९४० पासून कोल्हापूर स्पोर्ट्स असोसिएशनच्या छत्राखाली चालत आलेल्या आपल्या पेठांच्या फुटबॉलमध्ये, शाहू स्टेडियमच्या पायऱ्यांवर पाटाकडील किंवा दिलबहार या संघाचा पाठीराखा जे बोलतो त्यातील निम्मे मला या पत्रात लिहिता येणार नाही. आणि तरीही सामना सुटल्यावर त्यातील दोघे एकाच गाडीवर मिसळ खाताना दिसतात. (नेहमीच दिसतात असे नाही, पोलीस बंदोबस्त काही उगाच लागत नाही.) आपल्याकडे शिवीला मायेचाही एक अर्थ असतो, पण तो अर्थ शब्दात कधीच नसतो. तो असतो खांद्यावर पडलेल्या हातात, डोळ्यांच्या मिचकावण्यात, लहानपणापासूनच्या ओळखीत. माइकमधून यातले काही पलीकडे जात नाही, नुसता शब्द तेवढा जातो. तू प्रेमाने “काय रं मर्दा, आंधळा हाईस का?” म्हणालास, गुवाहाटीच्या मुलाला प्रेम पोचले नाही, आंधळा तेवढा पोचला. कोल्हापूरचा रांगडेपणा आम्हाला माफ असावा, अशी सनद कोणी आपल्याला दिलेली नाही.

याहून सूक्ष्म असा एक अपराध तुम्ही तिघे मित्र मिळून करता, आणि त्याची तक्रार तुमच्यावर कधी होणारही नाही. तिघे कोल्हापूरचे आणि चौथा खेळाने आपणहून जोडून दिलेला, अशी तुमची तुकडी पुष्कळदा असते. तुम्ही आपल्या बोलीत बोलता, आपल्या वर्गातल्या गोष्टी काढता, खदखदून हसता. त्या चौथ्याला एक अक्षर कळत नाही. आपण आताच मेलो आणि हे हसत आहेत, एवढे मात्र कळते. तुम्ही त्याला हसत नव्हता, हे तुम्हाला ठाऊक. त्याला कसे ठाऊक असावे? बेटावर उतरण्यापूर्वी विमानात जो थोडा अवकाश मिळतो त्यात “हिंदी चलेगी?” एवढे विचारावे, कोठे उतरणार ते सांगावे, आणि मराठीत हसू आलेच तर कशाचे हसू आले हे त्यालाही सांगून टाकावे. मराठी सोड असे मी म्हणत नाही. घरात पाहुणा बसला असता आपापसांत कुजबुज करू नये, हे तुझ्या आजीने तुला शिकवले होते. तो नियम येथे कोणी रद्द केल्याचे माझ्या ऐकिवात नाही.

रागाविषयी मी शास्त्रार्थ करणार नाही. तुला राग येतो, मलाही येतो. परंतु लीग ऑफ लेजंड्स या खेळाच्या कर्त्यांनी केलेला एक प्रयोग तुला सांगण्याजोगा आहे. प्रतिपक्षाशी लिहून बोलण्याची जी सोय होती ती त्यांनी काढून टाकली नाही. ती आरंभी बंद ठेवली, आणि ज्याला हवी त्याने ती स्वतः चालू करून घ्यावी, एवढाच फेरफार केला. लोकांनी ती पुष्कळ वापरलीच, तथापि अपशब्दांचे प्रमाण सुमारे एकतृतीयांशाने घटले आणि गोड शब्दांचे साधारण तितकेच वाढले. एका बटणाएवढा विलंब! तेव्हा तू आपला माइक सदैव उघडा ठेवण्याचे सोडून दे. दाबल्याशिवाय बोलता येणार नाही अशी योजना कर. त्यात आणखी एक लाभ आहे: आईची हाक, कुकरच्या शिट्ट्या आणि शेजारच्यांचे भांडण हे सारे तीन अनोळखी घरांत जाण्याचे थांबेल. आणि समोरचा खरोखरच घाण बोलत असेल तर त्याचा आवाज बंद करण्याचे बटणही तुझ्याच हाती आहे. ते वापरण्यात भ्याडपणा आहे असे तुझे मित्र म्हणतात, त्यांना माझ्याकडे पाठव. आवाज बंद करावा, तक्रार नोंदवावी, आणि तक्रारीत काय घडले तेवढेच लिहावे. विशेषणांनी अर्ज बळकट होत नाही, हे मी शपथेवर सांगू शकतो. तुझ्या बीजीएमआयमध्ये रक्त हिरवे दाखवण्याची आणि ठार मारण्यास ‘फिनिश’ म्हणण्याची तजवीज आहे म्हणतात. जिभेसाठी अशी तजवीज कोणी करून दिलेली नाही, ती ज्याची त्याने करावयाची.

एक गोष्ट मात्र मी सल्ला म्हणून सांगत नाही, ताकीद म्हणून सांगतो. तुझी ताई तुझ्याइतकीच सरस खेळते. पण तिच्या खेळातील नावावरून ती मुलगी आहे हे ओळखू येत नाही, आणि तिचा माइक कायम बंद असतो. असे का, हे तू तिला कधी विचारले आहेस? मी विचारले. ती माइकवर बोलली की पहिल्या मिनिटात कोणी लग्नाचे विचारतो, दुसऱ्यात कोणी चूल सांभाळायला सांगतो, आणि तिने नेम चुकवला तर तो नेम एकटीचा न राहता सगळ्या स्त्रीजातीचा होतो. म्हणून ती शत्रू पाहूनही मुकी राहते आणि तिची तुकडी हकनाक मरते. तुझ्या तुकडीत असा आवाज आला तर तू त्याला इतर कोणत्याही आवाजासारखे उत्तर दे. आणि दुसरा कोणी वेडेवाकडे बोलला तर गप्प बसू नकोस. तेथे तुझी कोल्हापुरी जीभ थोडी सैल सुटली तरी मी काणाडोळा करीन.

उरलेले तुला बहुधा ठाऊकच आहे, म्हणून थोडक्यात. आपले पूर्ण नाव, महाविद्यालय, वसतिगृह, फोन क्रमांक, फोटो हे कोणाही गोड बोलणाऱ्याच्या हाती देऊ नयेत. वयाने मोठा वाटणारा कोणी तुला खेळाबाहेर एकट्याने बोलावू लागला किंवा बंदुकीची रंगीत आवरणे फुकट देऊ लागला तर ती गोष्ट त्याच दिवशी घरी सांगावी. पैशाची फसवणूक झालीच तर लाजेने दडपून न ठेवता १९३० या क्रमांकावर कळवावे. पैसे लावून खेळण्याच्या ऑनलाइन खेळांस २०२५ च्या केंद्रीय कायद्याने मनाई झाली आहे, तेव्हा तसा कोणी आग्रह करील तर उत्तर तयार ठेव. अठरा वर्षांखालील खेळाडूस बीजीएमआयमध्ये पालकाचा क्रमांक द्यावा लागतो आणि दिवसास तीन तासांची मर्यादा असते. तू तेथे कोणाचा क्रमांक दिला आहेस हे तुझ्या आईला ठाऊक नाही, मलाही नाही. त्याचा खुलासा उलट टपाली यावा.

तुझी मनाई उठल्यावर त्या इंदूरच्या मुलास शोधता आले तर पाहा. त्याचे खेळातील नाव तुझ्या यादीत असेलच. लांबलचक माफीनामा त्याला धाडू नकोस, एक डाव खेळायला बोलाव आणि त्याला पावले ऐकू दे. पुढल्या सुट्टीत आलास की चौथी जागा माझ्यासाठी राखून ठेव. मला माइक नको, नुसत्या खुणा कशा करायच्या तेवढे दाखवून दे. आणि मी वाटेत कोठे अडकलो तर मला सोडून पुढे जाऊ नका.

तुझा,
आप्पाकाका