अक्षर, चित्र आणि गाणे : बहुभाषिक वर्गातील साक्षरतेचा विचार
(डहाणू-तलासरी परिसराच्या विशेष संदर्भात)

१. प्रास्ताविक

'साक्षर' या शब्दाचा आपण रूढ अर्थाने जो उपयोग करतो, त्यात लिहिता-वाचता येणे एवढेच अभिप्रेत असते. ज्याला अक्षर येत नाही तो निरक्षर, आणि निरक्षर म्हणजे ज्याच्यापाशी काहीच नाही तो, असे समीकरण आपल्या नकळत त्यातून तयार होते. शाळेत प्रथमच पाऊल टाकणाऱ्या मुलाकडे आपण याच दृष्टीने पाहतो. त्याची पाटी कोरी आहे असे गृहीत धरतो. या मुलाची घरची भाषा वर्गातील भाषेहून वेगळी असेल, तर ही गृहीतके अधिकच घट्ट होतात.

प्रस्तुत निबंधात या गृहीतकाची तपासणी करावयाची आहे. चित्र, गीत, नृत्य, अभिनय आणि अवकाशाची मांडणी ही अर्थ व्यक्त करण्याची स्वतंत्र साधने आहेत. अक्षरापर्यंत पोचण्यासाठी वापरावयाच्या व नंतर टाकून द्यावयाच्या पायऱ्या नव्हेत, असे येथील मुख्य प्रतिपादन आहे. त्याचबरोबर, या साधनांचा गौरव करताना मुलाचा प्रमाण मराठीवरील अधिकार तसूभरही कमी होता कामा नये, हा या प्रतिपादनाचा दुसरा आणि तितकाच महत्त्वाचा भाग आहे. विवेचनासाठी पालघर जिल्ह्यातील डहाणू व तलासरी या तालुक्यांचा परिसर निवडला आहे. १ ऑगस्ट २०१४ रोजी पालघर जिल्हा अस्तित्वात येण्यापूर्वी हा भाग ठाणे जिल्ह्यात होता.

२. परिसराची भाषिक घडण

या भागात वारली, कोकणा, कातकरी, मल्हार कोळी, दुबळा, धोडिया अशा अनेक समाजांची वस्ती आहे. किनाऱ्यावर मांगेला मच्छीमार आहेत. गुजरातची सीमा लागूनच असल्याने गुजरातीचा वावर बाजारात, बागायतीत आणि रस्त्यावरील पाट्यांवरही आढळतो. तारापूर-बोईसरच्या औद्योगिक वसाहतीमुळे हिंदी भाषक कुटुंबेही या टापूत स्थिरावली आहेत. ग्रियर्सन यांच्या भाषिक सर्वेक्षणाच्या १९०५ मधील सातव्या खंडात वारलीचा विचार मराठीच्या बोलींत केलेला आहे. तथापि शास्त्रज्ञाच्या वर्गीकरणात बोली मराठीची असली, तरी पहिलीच्या वर्गात बसलेल्या मुलाला पाठ्यपुस्तकातील मराठी परकी वाटू शकते. सर्वेक्षणातील जवळीक आणि वर्गातील जवळीक या दोन भिन्न गोष्टी आहेत.

एक साधे उदाहरण घेऊ. या भागाचे मुख्य पीक भात. मराठीत शेतात उभे असते तेही 'भात' आणि ताटात वाढतात तोही 'भात'. मधल्या अवस्थेला 'तांदूळ' म्हणतात. हिंदीत शेतातले ते 'धान', दाणा 'चावल', आणि 'भात' म्हणजे फक्त शिजलेला. 'शेतात भात डोलतो आहे' हे वाक्य हिंदी भाषक मुलाने शब्दशः घेतले, तर त्याच्या डोळ्यांपुढे शिजलेले अन्न उभे राहील. गुजरातीत उभ्या पिकाला 'डांगर' म्हणतात, आणि मराठी मुलखात अनेक ठिकाणी डांगर म्हणजे लाल भोपळा! एकाच बाकावर बसलेली तीन मुले एकाच रोपाकडे बोट दाखवीत तीन शब्द उच्चारतील, आणि त्यांतील एक शब्द दुसऱ्याला भलतेच काही सांगेल.

येथे अज्ञान कोणाचेच नाही. प्रत्येकाजवळ पूर्ण आणि नेमकी शब्दव्यवस्था आहे. परंतु फळ्यावर 'भात' हा एकच शब्द बरोबर म्हणून लिहिला, की उरलेले दोन ज्ञानाऐवजी चुका ठरतात. त्याऐवजी फळ्यावर आधी रोपाचे चित्र आले आणि त्याभोवती तिन्ही शब्द मांडले गेले, तर चित्र तिन्ही भाषांची साक्ष देते. नंतर मराठीत उभ्या पिकाला आणि शिजलेल्या अन्नाला एकच नाव का, हा प्रश्न मुलेच विचारतील. भाषेविषयी जाण येण्याचा आरंभ असा होतो.

३. बहुविध साक्षरतेची संकल्पना

अशा वर्गाचा तात्त्विक विचार अलीकडच्या काळात झाला आहे. १९९४ मध्ये अमेरिकेतील न्यू लंडन या गावी दहा अभ्यासक एकत्र आले. गुंथर क्रेस, नॉर्मन फेअरक्लफ, कोर्टनी कॅझडेन, मेरी कलांझिस, बिल कोप आदींचा त्यांत समावेश होता. १९९६ मध्ये हार्वर्ड एज्युकेशनल रिव्ह्यू या नियतकालिकात त्यांनी संयुक्त निबंध प्रसिद्ध केला. भाषिक व सांस्कृतिक विविधता वाढत असताना आणि संज्ञापनाची साधने बहुविध होत असताना, एका प्रमाणभाषेच्या लेखन-वाचनापुरती साक्षरता अपुरी पडते, हा त्यांचा मुख्य मुद्दा होता. भाषिक, दृश्य, श्राव्य, देहबोलीचा आणि अवकाशीय असे अर्थनिर्मितीचे प्रकार त्यांनी मानले. हे प्रकार प्रत्यक्षात परस्परांत मिसळूनच येतात, असेही सांगितले. अध्यापनाची त्यांनी चार अंगे कल्पिली : अनुभवात रुजलेला सराव, स्पष्ट मार्गदर्शन, चिकित्सक दृष्टी आणि नव्या संदर्भातील उपयोजन.

ही मांडणी पाश्चात्त्य असली, तरी तिचा गाभा आपल्याला अपरिचित नाही. १९४५ मध्ये ताराबाई मोडक यांनी बोर्डी येथे ग्राम बाल शिक्षा केंद्र सुरू केले. मुले बालवाडीत येत नाहीत असे दिसल्यावर बालवाडीच त्यांच्या वस्तीच्या अंगणात नेण्यात आली. 'अंगणवाडी' ही कल्पना त्यातून जन्मली. महागडी माँटेसरी साधने परवडणारी नव्हती. म्हणून खडे, शिंपले, बिया, पाने हीच शिक्षणसाधने ठरली. पुढे हे कार्य कोसबाडच्या टेकडीवर गेले आणि अनुताई वाघ यांनी ते दीर्घकाळ सांभाळले. गुरे राखणाऱ्या मुलांसाठी कुरणातच भरणारी 'कुरणशाळा' ही याच प्रयोगाची एक शाखा. मुलाला शाळेच्या जागेवर ओढून आणण्याऐवजी शाळेने मुलाच्या जागेवर जावे, हे तत्त्व त्यामागे होते. प्रस्तुत निबंधात त्या तत्त्वाचा विस्तार सुचवावयाचा आहे : शाळेने मुलाच्या जागेवर जावे, तसेच त्याच्या चिन्हव्यवस्थेतही प्रवेश करावा.

४. चौकाचे व्याकरण

वारली समाजात लग्नाच्या वेळी भिंतीवर चौक लिहितात. गेरूने वा शेणमातीने सारवलेल्या भिंतीवर तांदळाच्या पिठाने सुवासिनी तो रेखाटतात. मध्यभागी पालघट देवी असते. चौक आणि धवलेरीची गाणी एकमेकांपासून वेगळी काढता येत नाहीत. चित्र, गीत आणि विधी मिळून तेथे एक संहिता सिद्ध होते. त्रिकोण, वर्तुळ आणि चौकोन या मोजक्या आकारांतून माणूस, झाड, सूर्य, चौक असे सारे उभे राहते. दोन त्रिकोण टोकाला टोक लावून जोडले की देह होतो, आणि त्यांच्या कलण्यातून चालणे, वाकणे, नाचणे दर्शविले जाते. मोजक्या घटकांच्या नियमबद्ध संयोगातून अगणित अर्थ निर्माण करणे हे आपण भाषेचे लक्षण मानतो. ते येथेही आढळते. म्हणूनच येथे 'व्याकरण' हा शब्द योजला आहे.

या परंपरेला कागदावर आणून जगापुढे ठेवणारे जिव्या सोमा मशे (१९३४-२०१८) यांच्याविषयी असे सांगितले जाते, की लहानपणी आई गेल्यानंतर त्यांचे बोलणे थांबले आणि ते धुळीत चित्रे काढून मनातले सांगू लागले. २०११ मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली. अशा मुलाला पहिलीच्या वर्गात बसवून 'तुला काय येते?' असे विचारले असते, तर आपल्या परिमाणाने उत्तर आले असते : काहीच नाही.

लेखन आणि चौकचित्र यांतील एक भेद अध्यापनाच्या दृष्टीने मोलाचा आहे. वारली चित्रात पेरणी, कापणी, मळणी आणि तारप्याचा नाच एकाच पृष्ठभागावर एकाच वेळी नांदू शकतात. लेखनाला मात्र क्रम लागतो. 'आधी', 'मग', 'तोवर', 'त्यानंतर' या शब्दांचे काम चित्रात जागा करते, तर लेखनात शब्दांनाच ते करावे लागते. मुलाने काढलेल्या चित्रावरून त्याला परिच्छेद लिहावयास सांगितले, तर या शब्दांची गरज त्याला स्वतःला भासते. गरज भासल्यावर शिकलेला शब्द पाठ केलेल्या शब्दाहून अधिक टिकतो.

देवनागरीही केवळ ध्वनीची लिपी नाही. तिलाही दृश्य आणि अवकाशीय अंग आहे. 'कि' लिहिताना वेलांटी आधी दिसते, उच्चारात स्वर नंतर येतो. मात्रा वर बसते, उकार खाली लोंबतो. आकारांची जागा अर्थपूर्ण असते, हे चित्र काढणाऱ्या मुलाला ठाऊकच असते. शिक्षकाने या जाणिवेचा हात धरावा.

५. पाठाचा एक आराखडा

'भाताचे वर्ष' हा विषय तिसरी-चौथीच्या मिश्र वर्गासाठी घेता येईल. प्रथम मुलांनी आपापल्या घरच्या भाषेत सांगावे : राब कसा भाजतात, रोपे कधी उपटतात, लावणीला कोण कोण जाते, घरात कोणती गाणी म्हणतात. ज्यांच्या घरी शेती नाही त्यांनी बाजारातले वा स्वयंपाकघरातले सांगावे. मग गटागटाने मोठ्या कागदावर वा जमिनीवर चित्र काढावे. येथवर अनुभवाचा भाग झाला.

दुसऱ्या टप्प्यात चित्रातील वस्तूंना नावे द्यावयाची. प्रत्येक वस्तूपाशी वर्गातील सर्व भाषांतील शब्द लिहावेत. प्रमाण मराठी शब्द त्यांत स्पष्टपणे, चुकीची दुरुस्ती म्हणून न देता 'पुस्तकात आणि कचेरीत चालणारा शब्द' म्हणून दाखवावा. अक्षरे, जोडाक्षरे, विभक्तिप्रत्यय यांचे रीतसर अध्यापन येथेच करावयाचे. ते टाळून चालणार नाही.

तिसरा टप्पा चिकित्सेचा. पाठ्यपुस्तकातील शेताचे चित्र आणि मुलांचे चित्र शेजारी ठेवून विचारावे : पुस्तकातल्या चित्रात कोण काम करते आहे? आपल्या चित्रातले कोण तेथे नाही? शेवटच्या टप्प्यात मुलांनी चित्रातील मजकूर नव्या रूपात न्यावा : ग्रामपंचायतीला एखादे पत्र, शाळेच्या दारावर दोन भाषांतील सूचना, धाकट्या भावंडांसाठी चित्रगोष्ट किंवा छोटे नाट्य. चित्रातून लेखनाकडे आणि लेखनातून पुन्हा चित्राकडे अशी दोन्ही बाजूंची ये-जा व्हावी. 'सेतू' हा शब्द शिक्षणात फार वापरला जातो; परंतु ज्यावरून एकाच दिशेने जाता येते तो सेतू अपुरा होय.

६. काही आक्षेप

येथे एक रास्त शंका उपस्थित होईल. चित्रे, गाणी आणि बोली यांत मूल रमले, तर प्रमाण मराठी मागे पडणार नाही काय? या परिसराचा इतिहास पाहता ही शंका हलकेपणाने घेता येत नाही. लग्नासाठी काढलेल्या कर्जापायी जमीनदाराकडे बांधला गेलेला 'लग्नगडी' ही येथील वेठबिगारीची एक रीत होती. १९४५ मध्ये वारल्यांनी तिच्याविरुद्ध उठाव केला. गोदावरी परुळेकर यांच्या 'जेव्हा माणूस जागा होतो' (१९७०) या ग्रंथात त्याची कहाणी आहे. ज्या समाजाला कागद प्रथम भेटला तो सावकाराचा, त्या समाजातील मुलाला कागद वाचता येणे ही जगण्याची निकड आहे. सातबारा, हजेरीपट, बँकेचे पुस्तक ही सर्व प्रमाणभाषेत असतात. 'तुमची चित्रे सुंदर आहेत, तुम्हाला व्याकरण कशाला?' असे म्हणणारा गौरव हा वंचनेचाच सभ्य प्रकार होय. म्हणूनच वरील आराखड्यात रीतसर अध्यापनाचा टप्पा अनिवार्य मानला आहे.

दुसरा आक्षेप शिक्षकाच्या मर्यादेचा. एका शिक्षकाला चार भाषा कशा याव्यात? त्या याव्यात अशी अपेक्षाच नाही. आपल्याला न येणारा शब्द मुलाकडून विचारून घेण्याची तयारी मात्र हवी. ज्या वर्गात शिक्षकही विचारतो, त्या वर्गात विचारणे लाजिरवाणे राहत नाही.

तिसरा धोका सजावटीचा. वारली आकृती आज साड्यांवर, भिंतींवर, भेटवस्तूंवर सर्वत्र दिसतात. शाळेच्या भिंतीवर तारप्याचा नाच रंगविलेला असावा आणि आत वारली बोलीत बोलणाऱ्या मुलाला गप्प केले जावे, हा विरोधाभास टाळावयास हवा. तसेच प्रत्येक वारली मूल चित्रकार असते असे मानणेही अन्यायाचे आहे. साधने अनेक ठेवावीत. निवड मुलाची असावी.

७. समारोप

संविधानाच्या ३५०-अ या अनुच्छेदाने भाषिक अल्पसंख्याकांच्या मुलांना प्राथमिक स्तरावर मातृभाषेतून शिक्षणाच्या सोयी देण्याचा प्रयत्न करावा असे सांगितले आहे. २०२० च्या राष्ट्रीय शैक्षणिक धोरणानेही शक्य तेथे किमान पाचवीपर्यंत घरच्या भाषेतून शिक्षणाचा पुरस्कार केला. परंतु एकाच वर्गात चार घरच्या भाषा असतील, तर केवळ माध्यमभाषा बदलून प्रश्न सुटत नाही. तेथे चित्र, गीत, अभिनय यांना सर्व भाषांच्या समाईक भूमीचे स्थान द्यावे लागते.

हा प्रश्न शिक्षणशास्त्राचा आहे, मराठी विभागाचा नाही, असे समजण्याचे कारण नाही. लोकसाहित्याचा अभ्यास करताना आपण धवलेरीचे गाणे टिपून घेतो आणि चौक भिंतीवरच सोडून देतो. चित्राविना, विधीविना छापलेले ते गाणे आपण 'संहिता' म्हणून शिकवितो. शाळेत मुलावर होणारा संकोच आपल्या संशोधनातही असा घडत आला आहे. अक्षराला त्याच्या सोबत्यांसह वाचावयास आपण पदव्युत्तर वर्गात शिकलो, तर तेथून शिक्षक होऊन बाहेर पडणारा विद्यार्थी पहिलीतील मुलाची पाटी कोरी समजणार नाही.