काय कमी आहे, तूच सांग

पालकहो, ‘पी ना रे’, ‘एवढं संपव’, ‘डोळे मिटून घशाखाली घाल’ ही वाक्यं आपल्या घरात दिवसातून कितीदा उच्चारली जातात, ते एकदा कान देऊन ऐका. दूध असो, सूप असो की काढा, पेला पुढे करणारे आपण आणि तोंड फिरवणारी मुलं, हा सामना रोजचाच. टोमॅटोचा रसही बऱ्याच घरांत याच सामन्यात उतरतो. तो तब्येतीला चांगला असं कुणीतरी सांगितलेलं असतं. मग शाळेच्या घाईत मिक्सर फिरतो, फेसाळ गुलाबी पेला टेबलावर येतो आणि पहिल्याच घोटाला मूल नाक मुरडतं. आपण वैतागतो, ते हट्टाला पेटतं.

म्हणून एक सुचवते. हा रस मुलांसाठी करू नका, मुलांना करू द्या. सुट्टीच्या दिवशी, कुणालाही कुठे जायची घाई नसताना. आणि झाला की ‘पी’ म्हणू नका. चमचाभर हातावर द्या आणि विचारा, ‘यात काय कमी आहे?’ ‘पी’ म्हटलं की मूल बचावाला उभं राहतं. ‘काय कमी आहे?’ म्हटलं की ते चव घेऊ लागतं, कारण आता त्याला मत द्यायचं असतं.

सुरुवात बाजारापासून करा. पिशवी मुलाच्या हाती द्या आणि टोमॅटो त्यालाच निवडू द्या. कोशिंबिरीला आपण कडक, थोडे हिरवट टोमॅटो घेतो. रसाला ते चालत नाहीत. त्याला पूर्ण लाल, हाताला किंचित मऊ लागणारे, पण न फुटलेले आणि देठापाशी बुरशी नसलेले टोमॅटो हवेत. असे टोमॅटो भाजीवाले संध्याकाळी स्वस्तात काढून टाकतात. उन्हाळ्यात वरच्या बाजूला पिवळट राहिलेले टोमॅटो हमखास दिसतात आणि मुलं ‘हा असा का?’ म्हणून विचारतात. उत्तर सोपं आहे. टोमॅटोचा लाल रंग लायकोपीन नावाच्या द्रव्याचा. हवा तीस अंशांच्या वर गेली की ते तयार होणं मंदावतं आणि पिवळा रंग तसाच राहतो.

भावाबद्दलही बोला. २०२३ च्या जुलैत टोमॅटो किलोला शंभर रुपयांच्या वर गेला होता, तेव्हा घराघरांतल्या आमटीतून तो गायब झाला. आणि दुसऱ्या एखाद्या हंगामात नारायणगाव किंवा पिंपळगाव बसवंतच्या बाजारात क्रेटला इतका कमी भाव मिळतो की तोडणीची मजुरीही सुटत नाही आणि शेतकरी माल रस्त्यावर ओततो. मुलांना हे भाषण म्हणून नको. पिशवी उचलून घरी येताना सहज सांगितलं तर पुरतं. एका क्रेटमध्ये साधारण वीस किलो माल असतो, हे कळलं की हातातली दोन किलोंची पिशवीही त्यांना वेगळी वाटू लागते.

घरी आणल्यावर टोमॅटो लगेच फ्रिजमध्ये कोंबू नका. फ्लोरिडा विद्यापीठातल्या संशोधकांनी २०१६ मध्ये दाखवून दिलं की आठवडाभर थंडीत ठेवलेल्या टोमॅटोचा वास आणि चव उतरते आणि बाहेर काढल्यावरही ती पुरती परत येत नाही. रस एक-दोन दिवसांत करायचा असेल तर टोमॅटो परातीत, एकावर एक न रचता, बाहेरच राहू द्या.

आता कामाची वाटणी. तीन-चार वर्षांचं मूल टोमॅटो पाण्यात घोळून धुऊ शकतं, देठ खुडू शकतं, मोजून परातीत मांडू शकतं. सहा-सात वर्षांच्या मुलाला चाळणीतून गर दाबून काढायचं काम द्या, त्यात त्याचा जीव रमतो. आठ-नऊ वर्षांचं मूल तुमच्या नजरेसमोर छोट्या सुरीने चार फोडी करू शकतं. टोमॅटोची साल गुळगुळीत असते, त्यामुळे बोथट सुरी घसरते आणि बोट कापतं. सुरी धारदार हवी, आणि टोमॅटो आधी मधोमध कापून त्याची सपाट बाजू पाटावर टेकवायची, एवढं शिकवा. गॅसजवळचं काम दहाच्या पुढच्या मुलांना, तेही तुम्ही शेजारी उभे असताना.

पातेलं स्टीलचं घ्या. टोमॅटो आंबट असल्यामुळे ॲल्युमिनियमच्या किंवा कल्हई उडालेल्या पितळेच्या भांड्यात तो शिजवू नये.

इथे मुलांसमोर एक छोटा प्रयोग करता येतो. दोन टोमॅटो कच्चेच मिक्सरमधून काढून, गाळून काचेच्या पेल्यात ओता. उरलेल्यांचा रस पुढे सांगते तसा शिजवून करा आणि तोही तशाच पेल्यात ओता. दोन्ही पेले अर्धा-पाऊण तास हलवू नका. कच्च्या रसात बहुधा थर पडू लागतात, एकीकडे फिकट पिवळसर पाणी आणि दुसरीकडे लाल गर. शिजवलेला रस बराच वेळ एकजीव राहतो. कारण असं. टोमॅटोत पेक्टिन असतं, तेच रसाला दाटपणा देतं. टोमॅटो चिरला किंवा ठेचला की त्याच्यातलीच विकरं या पेक्टिनचे तुकडे करायला लागतात. ताबडतोब उकळी आली तर विकरं निकामी होतात आणि पेक्टिन वाचतं. टोमॅटोचा रस करणाऱ्या कारखान्यांतही याच कारणासाठी फोडी झटपट तापवतात.

म्हणून कृती अशी. सगळे टोमॅटो आधीच चिरून ठेवू नका. पाचसहा टोमॅटो चिरून लगेच पातेल्यात टाका, डावाने ठेचा, आच मोठी ठेवा. उकळी फुटली की बाकीचे चिरत चिरत थोडेथोडे घालत जा, पण उकळी मोडू देऊ नका. पाणी घालायचं नाही, टोमॅटोत सुमारे ९४ टक्के पाणीच असतं. सगळे पडले की पाच मिनिटं शिजू द्या आणि गॅस बंद करा. एका किलोचा साधारण सहाशे ते साडेसहाशे मिलिलिटर रस निघतो. गरम गर मिक्सरमध्ये घालायचा मोह टाळा. वाफ कोंडून झाकण उडतं आणि चेहऱ्यावर, हातावर भाजतं. आणि मिक्सरची गरजही नाही, चाळणी पुरते.

या चाळणीपाशीच खरी गंमत आहे. माझा भाचा सात वर्षांचा असताना त्याला कोमट झालेला गर, पुरणाची चाळण आणि डाव देऊन बसवलं होतं. पहिल्यांदा त्याने डाव नुसता गोल फिरवला. खाली दोन-चार थेंब पडले. मग दाबला, तेव्हा लाल धार लागली. बिया चाळणीत अडकून राहिल्या, साल वळकट्या होऊन एका कडेला गोळा झाली. बराच वेळ झाला तरी भांड्यातला रस पातळच दिसत होता. मला कारण ठाऊक होतं आणि जिभेवर आलंही होतं, पण मी गप्प बसले. थोड्या वेळाने त्याने चाळण सहज उचलली, खालून पाहिलं आणि ओरडला, “मावशी, सगळं खालीच चिकटलंय!” दाट गर चाळणीच्या खालच्या बाजूला थापला गेला होता. त्याने तो चमच्याने खरवडून रसात सोडला आणि रंग बदललेला पाहून पुन्हा पुन्हा चाळण उलटी करून तपासू लागला. ते मी आधीच सांगितलं असतं तर त्याने ऐकून सोडून दिलं असतं.

आपल्याला नेमकं हेच जड जातं. पसारा होतो, गाऊन खराब होतो, ओट्यावर लाल ठिपके उडतात आणि आपला हात आपोआप पुढे जातो, ‘दे इकडे, मी करते’. हात मागे घ्या. भाजण्याचा किंवा कापण्याचा धोका असेल तिथे अडवायचंच, त्याला पर्याय नाही. बाकी सगळीकडे उशीर आणि सांडलवंड चालवून घ्या. शेवटी ओटा पुसायचं फडकंही त्यालाच द्या. चाळण वाळायच्या आत धुतली नाही तर भोकं बुजतात, हेही एकदा त्यालाच कळू दे.

आता चव. तीन वाट्यांत थोडा थोडा रस घ्या. एक तसाच ठेवा, दुसऱ्यात चिमूटभर मीठ घाला, तिसऱ्यात मीठ आणि अगदी चिमूटभर साखर. मुलांना न सांगता चाखायला द्या. मिठाने चव उठून येते, साखरेने आंबटपणाची धार बोथट होते. मग ‘काय कमी आहे?’ हा प्रश्न विचारा. कुणी जिरेपूड म्हणेल, कुणी मिरी, कुणी पुदिना. एखादी ‘काही नको, असाच बरा’ म्हणेल, तेही मतच. एखादा दोन चमचे जिरेपूड घालून सगळं कडवट करून ठेवेल. त्याचा वाडगा वेगळा असू दे, म्हणजे बाकीच्यांचा रस वाचेल आणि त्यालाही प्रमाण समजेल.

या वेळी पौष्टिकतेची माळ जपू नका. तुमच्यापुरती माहिती असावी म्हणून सांगते. कॉर्नेल विद्यापीठातल्या संशोधकांनी २००२ मध्ये टोमॅटो ८८ अंश सेल्सिअसला अर्धा तास तापवून पाहिले. क जीवनसत्त्व सुमारे २९ टक्क्यांनी घटलं, पण लायकोपीन कच्च्या टोमॅटोच्या अडीचपटीहून जास्त मिळालं. लायकोपीन स्निग्धात विरघळतं, त्यामुळे रसाबरोबर शेंगदाणे किंवा तूप लावलेली पोळी असली तर ते अंगी लागायला मदत होते. पण मुलांशी बोलताना तो टोमॅटोच राहू द्या, औषध करू नका. औषध म्हटलं की तोंड मिटलंच.

प्रमाणाचंही पथ्य आहे. भारतीय बालरोगतज्ज्ञांच्या संघटनेने, इंडियन अकॅडमी ऑफ पेडियाट्रिक्सने, २०१९ मध्ये फळांच्या रसाबद्दल सल्ला दिला आहे. दोन वर्षांखालच्या मुलांना रस नकोच, दोन ते पाच वर्षांच्या मुलांना दिवसाला १२५ मिलिलिटरपर्यंत आणि त्यापुढे २५० मिलिलिटरपर्यंत. टोमॅटोच्या रसालाही हाच हिशेब लावायला हरकत नाही. चोथ्यासकट अख्खा टोमॅटो खाणं रसापेक्षा केव्हाही बरं, हेही खरंच. लहान मुलांच्या तोंडाभोवती टोमॅटोच्या आंबटपणाने कधी लाली येते, तेव्हा काही दिवस थांबा. घरात आजोबांना किंवा आजींना मूत्रपिंडाचा त्रास असेल तर त्यांच्यापुढे पेला करण्याआधी डॉक्टरांना विचारा, टोमॅटोत पोटॅशियम बरंच असतं.

उरलेला रस स्वच्छ बाटलीत, फ्रिजमध्ये ठेवून दोन-तीन दिवसांत संपवा. त्याहून जास्त असेल तर बर्फाच्या ट्रेमध्ये गोठवा. स्वस्ताईत भरपूर रस करून बाटल्या फडताळात ठेवायचा विचार मात्र मनातून काढा. काही टोमॅटोंचा आंबटपणा सुरक्षिततेच्या सीमेवरच असतो. मोजून लिंबाचा रस किंवा सायट्रिक ॲसिड न घालता, नीट निर्जंतुक न करता हवाबंद ठेवलेल्या बाटलीत बोट्युलिझमचे जंतू वाढू शकतात. त्यांचं विष जिवावर बेतू शकतं, आणि रस दिसायला चांगला असला तरी ते असू शकतं.

आणि सगळं करूनही मूल ‘मला नाही आवडला’ म्हणालं तर? ते मान्य करा. ‘एवढी मेहनत केलीस आणि आता नको?’ हे वाक्य गिळून टाका. जबरदस्तीने एक पेला पोटात गेला तरी पुढच्या वेळी चाळणीपाशी कोण येईल? रस वाया जायची भीतीही नको. तुपात जिरं, हिंग, कढीपत्ता आणि एखादी मिरची घालून फोडणी करा, त्यात हाच रस ओता, नारळाचं दूध घाला, चवीला मीठ आणि गुळाचा खडा टाका, आच मंद ठेवा. नारळाचं दूध फुटू नये म्हणून खळखळून उकळू देऊ नका. टोमॅटोचं सार तयार. ते गरम भातावर वाढा आणि वाढताना मुलालाच विचारा, मीठ बेताचं आहे का. रसाला नाही म्हणणारी बरीच मुलं साराची दुसरी वाटी मागतात. एखादं तेही मागणार नाही. त्याला पुढच्या रविवारी बाजारात न्या आणि काय घ्यायचं ते त्यालाच ठरवू द्या.