शुक्राणूंची वाट : पुरुष प्रजनन संस्थेतील वाहिन्या

दहावीच्या विज्ञानातील पुरुष प्रजनन संस्थेची आकृती बहुतेक माजी विद्यार्थ्यांना आठवत असेल. शिक्षक फळ्याकडे तोंड करून बोलत आणि मुले माना खाली घालून हसत. त्या घाईत ग्रंथींची नावे कशीबशी पाठ झाली. त्यांना जोडणाऱ्या वाहिन्यांकडे मात्र लक्ष गेले नाही. वास्तविक घरोघरी आढळणाऱ्या एका गैरसमजाचे उत्तर त्या वाहिन्यांतच आहे.

वृषणातील शुक्रजनक नलिकांत एक शुक्राणू घडण्यास सुमारे ७० दिवस लागतात. तेथून निघालेला शुक्राणू दिसायला पूर्ण असतो, परंतु त्याला पोहता येत नाही. ते बळ त्याला अधिवृषणात मिळते. अधिवृषण म्हणजे वृषणाच्या मागील बाजूस चिकटलेली, वेटोळे घातलेली एकच नळी. ती उलगडली तर सुमारे ६ मीटर भरते! या अरुंद वळणांतून सरकताना शुक्राणू परिपक्व होतात आणि नळीच्या शेवटच्या भागात साठून राहतात.

पुढची वाहिनी म्हणजे शुक्रवाहिनी. प्रत्येक बाजूस एक, लांबी ३० सेंटिमीटरहून अधिक. तिची स्नायूंची भिंत इतकी जाड असते की ती बोटांना ताठ दोरीसारखी लागते. आतील पोकळी मात्र अतिशय अरुंद. स्खलनाच्या वेळी हेच स्नायू आकुंचन पावून शुक्राणूंना पुढे ढकलतात. तिचा मार्ग मोठा वळसा घेणारा आहे. वृषणकोशातून वर चढून ती जांघेतून ओटीपोटात शिरते, मूत्रवाहिनीला ओलांडते आणि मूत्राशयाच्या मागे उतरते. एवढा फेरा कशासाठी? वृषण मुळात पोटात तयार होतात आणि जन्मापूर्वी खाली वृषणकोशात उतरतात. उतरताना शुक्रवाहिनीलाही सोबत ओढत नेतात. (बाळाचे वृषण ६ महिन्यांपर्यंत उतरले नसेल, तर पालकांनी संकोच न करता डॉक्टरांना दाखवावे.)

मूत्राशयामागे शुक्राशयाची नळी तिला मिळते. दोहोंची मिळून झालेली आखूड स्खलनवाहिनी पुरःस्थ ग्रंथीतून जाऊन मूत्रमार्गात उघडते. वीर्याचा बहुतांश द्रव या शेवटच्या टप्प्यावर, शुक्राशय आणि पुरःस्थ ग्रंथी यांतून येतो. वृषणाकडून येणारा वाटा अगदी थोडा, साधारणतः शेकडा ५ किंवा त्याहूनही कमी.

आता गैरसमजाकडे वळू. पुरुष नसबंदीत नस कापत नाहीत. वृषणकोशातच दोन्ही शुक्रवाहिन्या छेदून बंद करतात. दाढी, आवाज, स्नायूंची ताकद, कामेच्छा यांना आधार देणारे टेस्टोस्टेरॉन या वाहिन्यांतून वाहतच नाही. ते वृषणातून थेट रक्तात मिसळते. त्यामुळे शस्त्रक्रियेनंतरही पुरुषत्व जसेच्या तसे राहते. वीर्यही पूर्वीसारखेच येते, केवळ त्यात शुक्राणू नसतात. वृषणात घडत राहिलेले शुक्राणू शरीर शोषून घेते.

असे असूनही २०१९–२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणानुसार देशातील विवाहित स्त्रियांपैकी ३७.९ टक्क्यांनी स्वतः नसबंदी करून घेतली आहे. पतीने ती केल्याचे प्रमाण अवघे ०.३ टक्के आहे. स्त्रीच्या शस्त्रक्रियेत पोट उघडावे लागते. पुरुषाची बिनटाक्याची शस्त्रक्रिया जागा बधिर करून होते आणि तो त्याच दिवशी घरी जातो. आणीबाणीतील सक्तीची कटू आठवण या भीतीमागे आहे, हे खरे. परंतु ‘कष्टाचे काम होणार नाही’ ही समजूत शरीररचनेच्या अज्ञानातून आली आहे, आणि तिची किंमत घरातील स्त्री मोजते. र. धों. कर्वे यांनी ‘समाजस्वास्थ्य’ मासिकातून हे अज्ञान दूर करण्याचा प्रयत्न केला, तेव्हा त्यांच्यावर अश्लीलतेचे खटले झाले. १९३४ साली त्यांची बाजू न्यायालयात मांडली ती डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी.

निर्णय घेणाऱ्यांनी दोन गोष्टी ध्यानात ठेवाव्यात. ही शस्त्रक्रिया कायमची समजूनच करावी. वाहिनी पुन्हा जोडता येते, पण अपत्य होईलच अशी खात्री नसते. दुसरे असे की, छेदाच्या पुढील भागात आधीचे शुक्राणू उरलेले असतात. म्हणून सुमारे ३ महिने निरोध किंवा अन्य साधन वापरावे आणि मग वीर्यतपासणी करून घ्यावी. शुक्राणू नाहीत असा अहवाल हाती आल्यावरच ते साधन थांबवावे.