व्याकरण कोठे राहते?

व्याकरण म्हटले की विद्यार्थ्यांच्या मुद्रा उतरतात. व्याकरण म्हणजे पुस्तकातील नियमांचे ओझे आणि घरची बोली म्हणजे नियमबाह्य भाषा, असा त्यांचा व कित्येक पालकांचाही समज असतो. तो कितपत खरा, हे पाहू.

कोऱ्हाळ्यातील चार वर्षांचे मूल म्हणते, ‘दादानं ऊस खाल्ला’, ‘दादानं भाकरी खाल्ली’, ‘दादानं केळं खाल्लं’. खाणारा एकच, परंतु क्रियापद कर्माप्रमाणे बदलते. तेच मूल ‘दादा भाकरी खातो’ म्हणताना क्रियापद कर्त्याच्या मागे नेते. यांसच आपण पुढे शाळेत कर्मणी व कर्तरी प्रयोग म्हणतो. लहान मूल कधी ‘केलं’ याऐवजी ‘करलं’ असेही म्हणते. ‘धरलं’, ‘भरलं’ यांवरून तो नियम त्याने स्वतःच बसविलेला असतो.

अमेरिकन भाषाशास्त्रज्ञ नोम चॉम्स्की यांच्या १९५७ सालच्या ‘सिंटॅक्टिक स्ट्रक्चर्स’ या ग्रंथापासून जननशील व्याकरण नावाचा पंथ उदयास आला. नियम मोजके, परंतु त्यांतून उत्पन्न होणारी वाक्ये अगणित, हे त्याचे सूत्र होय. ‘पाटाला पाणी आले’ यामागे ‘आई म्हणाली की’ जोडावे, त्यामागे ‘गणू म्हणाला की’ जोडावे. शेवट कोठेच नाही. ही शक्ती मनुष्य जन्मतःच घेऊन येतो, असे या पंथाचे मत. ती श्रवणाने व सहवासानेच घडते, असे म्हणणारे विद्वानही आहेत. तो वाद अद्यापि मिटलेला नाही.

हा विचार आपणांस अगदीच परका नाही. पाणिनीने सुमारे चार हजार सूत्रांत संस्कृत भाषा बांधली, आणि चॉम्स्की यांनीही १९६५ सालच्या ग्रंथात त्या व्याकरणाशी आपले नाते सांगितले आहे. मराठीत दादोबा पांडुरंग यांचे व्याकरण १८३६ साली व मोरो केशव दामले यांचे ‘शास्त्रीय मराठी व्याकरण’ १९११ साली निघाले. मराठी मात्र त्यांपूर्वी शेकडो वर्षे बोलली जात होती. व्याकरणकारांनी नियम घातले नाहीत. बोलणाऱ्यांच्या ठायी होते ते शोधून काढले.

ग्रंथभाषा अवश्य शिकावी. तिच्यावाचून परीक्षा नाही व दूरच्या वाचकाशी संवाद नाही. परंतु त्यासाठी घरच्या बोलीस अशुद्ध म्हणून हिणवू नये. जो मुलगा आपल्या बोलण्यास लाजतो, तो वर्गात तोंडच उघडत नाही, हे आम्ही नित्य पाहतो. पालकांनी मुलांस मोकळेपणे बोलू द्यावे. आणि विद्यार्थ्यांनी आज घरी ऐकलेली दहा वाक्ये लिहून त्यांतील प्रयोग ओळखावेत.