खांदा दुखतो, पण वळतो किती?

खांद्याचे दुखणे घेऊन माझ्याकडे उल्हासनगर, अंबरनाथ आणि बदलापूर या तिन्ही गावांतून रुग्ण येतात. शिलाई मशीनवर दिवसभर बसणारे कारागीर, एम.आय.डी.सी.त माल चढवणारे कामगार, लोकलची कडी धरून मुंबई गाठणारे नोकरदार. तक्रार मात्र सर्वांची एकच : "हात वर जात नाही."

एवढ्यावरून निदान होत नाही. हात किती वर जातो, कोणत्या दिशेला अडतो आणि दुसऱ्याने उचलला तर जातो का, या तीन प्रश्नांवर पुढचे उपचार ठरतात.

खांदा हा शरीरातील सर्वांत जास्त फिरणारा सांधा आहे. निरोगी माणसाचा हात समोरून किंवा बाजूने थेट कानापर्यंत जातो, म्हणजे सुमारे १८० अंश. मागे तो ४५ ते ६० अंश जातो. वयाप्रमाणे हे आकडे थोडे उतरतात; म्हणून दुखऱ्या बाजूची तुलना नेहमी त्याच माणसाच्या चांगल्या बाजूशी करावी.

मोजण्याचे साधन म्हणजे गोनिओमीटर. दोन पट्ट्या आणि मध्ये अंशांची चकती. कंपासपेटीतल्या कोनमापकाचाच हा भाऊबंद. रुग्णाला उताणे झोपवून गुडघे वाकवायला सांगतो, म्हणजे कंबर उचलली जात नाही. चकती खांद्याच्या बाहेरच्या बाजूला, एक पट्टी धडाला समांतर आणि दुसरी दंडाच्या हाडावरून कोपराच्या दिशेने. हात वर जाईल तशी दुसरी पट्टी फिरते आणि कोन वाचता येतो.

झोपवूनच का? हात पूर्ण वर जातो तेव्हा ढोबळमानाने १२० अंश खांद्याच्या सांध्यातून आणि ६० अंश पाठीवरच्या फऱ्याच्या हाडातून मिळतात. सांधा आखडला की माणूस फरा उचलतो, कंबर वाकवतो आणि हात वर गेल्यासारखा दिसतो. उभ्याने नुसते डोळ्यांनी पाहिले तर फसायला होते.

दोन उदाहरणे सांगतो. अंबरनाथचा एक कामगार ट्रकवरून हातावर पडला होता. बदलापूरच्या एका बाईंना मधुमेह होता. पडणे-झडणे काही नाही, पण चार महिन्यांपासून वेणी घालता येत नव्हती. दोघांचाही हात स्वतःच्या ताकदीने ९० अंशांवर थांबत होता. मग मी हात धरून हळूहळू उचलला. कामगाराचा १७० अंशांपर्यंत गेला. बाईंचा ९५ वरच अडला. कोपर कुशीला लावून हात बाहेर फिरवला, तर बाईंचा जेमतेम १५ अंश फिरला.

तक्रार एक, पण आजार दोन. कामगाराचा सांधा मोकळा होता. हात उचलणारी कंडरा फाटल्याचा संशय होता. त्याला लगेच अस्थिरोगतज्ज्ञांकडे पाठवले, कारण अशा दुखापतीत उशीर महाग पडतो. बाईंचा सांधाच आखडला होता. याला 'फ्रोझन शोल्डर' म्हणतात; हे नाव अमेरिकन शल्यचिकित्सक कॉडमन यांनी १९३४ मध्ये दिले. सांध्याभोवतीचे आवरण आकसते आणि बाहेरचे वळण सर्वांत आधी जाते. चाळिशी ते साठीच्या वयात आणि मधुमेहींत हा आजार अधिक आढळतो. त्यावर साखरेवर ताबा, बेताचा व्यायाम आणि धीर हेच लागते. बरे व्हायला कित्येक महिने, कधी दोन-तीन वर्षेही जातात.

या लांबच्या वाटेत आकडाच सोबतीला असतो. दुखणे एखाद्या दिवशी जास्त, एखाद्या दिवशी कमी वाटते; पण ९५ चे १२० झाले तर सुधारणा खरी. दोन मोजण्यांत पाचेक अंशांचा फरक मोजणाऱ्याच्या हातानेही पडतो. म्हणून शक्यतो एकाच व्यक्तीने, एकाच स्थितीत मोजावे.

घरी एवढे करून पाहा. दोन्ही कोपरे काटकोनात वाकवून कुशीला चिकटवा आणि दोन्ही हात बाहेर फिरवा. मग एकेक हात पाठीमागे नेऊन अंगठा किती वर पोचतो ते पाहा. दोन्ही बाजूंत ठळक फरक दिसला तर तपासून घ्या. आखडलेला हात कुणाकडून हिसका देऊन ओढून घेऊ नका. पडल्यानंतर हात उचलेनासा झाला, तर चोळत बसू नका. खांदादुखीबरोबर छातीत दाब, घाम किंवा धाप असेल, तर ते हृदयाचे दुखणे असू शकते. तडक रुग्णालय गाठा.

आणि उपचार सुरू कराल तेव्हा पहिल्याच दिवशी कागदावर अंश लिहून मागा. स्वतः उचललेला वेगळा आणि दुसऱ्याने उचललेला वेगळा. महिन्याने फरक पडला की नाही, हे मग तुम्हालाही वाचता येईल.